यादीत नाव नसलेल्यांचं काय?

आमच्या शाळेच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर गेले कित्येक महिने एकच विषय चालू आहे, बीडीडी, म्हणजे वरळी-नायगावच्या त्या जुन्या सरकारी चाळी, ज्या पाडून आता टॉवर होतायत. ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीत पहिल्या ५५६ घरांच्या चाव्या दिल्या तेव्हापासून तर मी सकाळी उठते तोवर दीडशे मेसेज पडलेले असतात. एक पार्टी म्हणते, १६० फुटांच्या खोलीतून ५०० फुटांच्या फ्लॅटमध्ये, तेही फुकट, तेही त्याच जागेवर, अजून काय पाहिजे? दुसरी पार्टी म्हणते चाळ गेली, गिरणगाव गेलं, उरलेल्या जमिनीवर श्रीमंतांचे टॉवर होणार आणि आपला माणूस मेन्टेनन्स परवडत नाही म्हणून घर विकून बदलापूर गाठणार. मी नायगावच्या बीडीडीत वाढले आणि २००९ पासून शिकागोत आहे. मला दोन्ही पार्ट्यांशी बोलायचंय, पण ते दोन ओळींच्या मेसेजमध्ये मावत नाही.

शिकागोत आले त्या पहिल्या वर्षी ऑफिसला जाताना ट्रेनच्या खिडकीतून एक-दोन उंच, मळकट, अर्ध्या रिकाम्या बिल्डिंगा दिसायच्या. काब्रिनी-ग्रीन. सरकारी वस्ती, १९४२ पासून १९६२ पर्यंत टप्प्याटप्प्याने बांधलेली, एकूण ३६०७ घरं, आणि ऐन भरात असताना तिथे पंधरा हजारांच्या आसपास लोक राहायचे, बहुतेक सगळे काळे आणि गरीब. आणि जागा कुठे, तर शहराच्या सगळ्यात महागड्या भागाला लागून, मिशिगन तलावाच्या काठापर्यंत चालत जाता येईल इतक्या अंतरावर. म्हणजे आपल्या वरळी-लोअर परळसारखंच, गरिबांची वस्ती आणि पायाखाली सोनं.

तिथलं आयुष्य चांगलं होतं असं मी अजिबात म्हणणार नाही. लिफ्ट बंद, जिन्यात अंधार, टोळ्यांचा गोळीबार. १९९२ साली सात वर्षांचा एक मुलगा आईचा हात धरून शाळेत निघाला होता, त्याला गोळी लागली आणि तो गेला. त्यानंतर सगळ्या देशात बोंब झाली, १९९५ मध्ये वॉशिंग्टनच्या सरकारने शहराचं गृहनिर्माण खातंच ताब्यात घेतलं, पाडापाडी सुरू झाली, आणि २००० साली शिकागोने मोठा प्लॅन जाहीर केला की शहरभरातले असे टॉवर पाडायचे आणि दहा वर्षांत पंचवीस हजार घरं नवीन बांधायची किंवा दुरुस्त करायची. नव्या वस्तीत पैसेवाले, मध्यम आणि गरीब एकत्र राहतील अशी कल्पना. ऐकायला फार चांगली वाटते, मलाही वाटली होती.

मार्च २०११ मध्ये शेवटचा टॉवर पाडायच्या आधी एका कलाकाराने त्या पंधरा मजली बिल्डिंगच्या १३४ रिकाम्या घरांत एकेक दिवा ठेवला होता. तिथल्या मुलांनी लिहिलेल्या आणि वाचलेल्या कवितांच्या लयीवर ते दिवे लुकलुकायचे. मी ऑफिसमधून सुटून बघायला गेले, कडाक्याची थंडी होती, हातमोज्यातही बोटं बधिर झालेली. शेजारी साठीची एक बाई उभी होती, तिने मला न विचारता बोट करून दाखवलं, तो बघ, वरून चौथा मजला, डावीकडून तिसरा, तो माझा. आणि मग बाजूच्या घरांत कोण कोण राहायचं ते सांगत गेली, कुणाचा मुलगा जेलमध्ये, कुणाची मुलगी नर्स झाली. मला माझी आई आठवली. आम्ही चाळीसमोरून टॅक्सीने गेलो की ती पण असंच बोट करते, तिसरा मजला, जिन्यापासून चौथी खोली.

मी त्या बाईला विचारलं, नवीन घर इथेच मिळणार ना? ती म्हणाली, माझं नाव कागदावर नव्हतं, घर बहिणीच्या नावावर होतं.

तेव्हा मी त्या कागदाबद्दल वाचायला लागले. शिकागोने लिहून दिलं होतं की १ ऑक्टोबर १९९९ ला ज्यांच्या नावावर भाडेकरार आहे त्या कुटुंबांना परत यायचा हक्क आहे. जवळपास सतरा हजार कुटुंबं. पण ज्यांचं नाव करारावर नाही, बहिणीकडे राहणारी, आजीकडे वाढलेली, नवऱ्याने टाकलेली, ती माणसं मोजणीतच आली नाहीत. ज्यांना हक्क होता त्यांनाही नव्या मिश्र वस्तीत यायचं तर आठवड्याला तीस तास काम दाखवा, ड्रग टेस्ट द्या, भाड्याचा जुना रेकॉर्ड दाखवा. वर्षं गेली, मुलं मोठी झाली, दुसऱ्या शाळेत रुळली. बरेच जण भाड्याचं सरकारी व्हाउचर घेऊन शहराच्या दक्षिणेला आणि पश्चिमेला गेले, म्हणजे पुन्हा गरीब आणि पुन्हा काळ्याच वस्त्यांत. आज त्या जागेवर टार्गेटचं मोठं दुकान आहे, काचेच्या बिल्डिंगा आहेत, कुत्र्यांना फिरवणारी माझ्यासारखी नोकरदार माणसं आहेत. परिसर सुधारला, खरंच सुधारला, रात्री अकराला मी एकटी चालू शकते.

ही तारीख लक्षात ठेवा, १ ऑक्टोबर १९९९. आपल्याकडे झोपडपट्टीत फुकट घर कुणाला, तर १ जानेवारी २०००च्या आधीचा पुरावा ज्याच्याकडे त्याला. तीन महिन्यांचा फरक. दोन शहरं, एकमेकांशी काही संबंध नाही, आणि दोघांनीही गरिबाचा हक्क एका तारखेला नेऊन टांगला.

धारावीत तर तारखेसोबत मजलाही आला. २०००च्या आधीचा आणि तळमजल्यावरचा असेल तर धारावीतच ३५० फूट. २००० ते २०११ मधला असेल तर अडीच लाख भरा आणि धारावीच्या बाहेर. माळ्यावर राहणारा असेल तर भाड्याचं घर, तेही बाहेरच. आता माळ्यावर कोण राहतं हे मुंबईत कुणाला सांगायला नको. खाली ज्याचं दुकान किंवा कारखाना आहे त्याचा कामगार, यूपीहून आलेला, सोलापूरहून आलेला. त्याच्या हाताच्या कामावरच ती धारावी उभी आहे.

म्हणून माझ्या पहिल्या पार्टीच्या मित्रांना मी मनापासून सांगते की बीडीडीत जे झालं ते लहान नाही. त्याच जागेवर, मालकीचं, आधीच्या तिप्पट घर, आणि काम करता का, ड्रग्ज घेता का असं कुणी विचारत नाही, हे अमेरिकेला जमलेलं नाही. इथल्या लोकांना मी हे सांगते तेव्हा त्यांना खरं वाटत नाही. चाळीच्या आठवणींनी माझाही गळा भरून येतो, पण वीस खोल्यांना मिळून मजल्यावरचे ते संडास, पहाटेची ती लाइन आणि पाळीच्या दिवसांत बादली घेऊन तिथे उभं राहणं मी विसरलेली नाही. कुणी मला चाळ वाचवा म्हटलं की मी आधी विचारते, तू कुठे राहतोस?

पण दुसरी पार्टी मेन्टेनन्सबद्दल बोलते ते अगदी बरोबर आहे आणि ते हसण्यावारी न्यायचं नाही. काब्रिनीच्या बिल्डिंगा बांधल्या तेव्हा लोक खूश होते, आत हीटर, गरम पाणी, स्वतःचं बाथरूम. पुढे देखभालीचा पैसा आटला आणि लिफ्ट पडली ती पडलीच, आणि पंधराव्या मजल्यावरच्या म्हातारीला लिफ्ट नसेल तर ती घरात कोंडलेली. वरळीचे नवे टॉवर चाळीस मजली आहेत. चार मजली चाळीत जिना चढून माणूस जगतो, चाळीस मजल्यांवर लिफ्ट म्हणजे रस्ता. तो रस्ता वीस वर्षांनी कोण चालू ठेवणार, पैसे कुठल्या खात्यात असणार, सोसायटीला हिशोब कोण शिकवणार, हे आजच ठरवून घ्या, पेंट नवीन आहे तोवर.

एक गोष्ट मला त्रास देते आणि ती लपवून चालणार नाही. शिकागोतल्या पाडलेल्या सरकारी बिल्डिंगांमधून ज्या मुलांना व्हाउचर घेऊन बाहेर जावं लागलं, ती मोठेपणी, मागे राहिलेल्या मुलांपेक्षा जास्त कमावती निघाली असं एका अभ्यासात दिसलं, सोळा टक्क्यांनी जास्त. म्हणजे जाणं हे नेहमीच वाईट नसतं. मी स्वतः गेलेच की, नायगावहून इतक्या लांब. पण मी तिकीट काढून गेले, परत यायला तिसऱ्या मजल्यावर एक खोली होती. व्हाउचर का होईना, त्या मुलांच्या आयांच्या हातात काहीतरी दिलं होतं. आपल्याकडे अपात्र ठरलेल्याच्या हातात काय देतो?

आमच्या मजल्यावर एक खाणावळवाली मावशी होती, अजून आहे. गिरण्या चालू होत्या तेव्हा गावकऱ्यांच्या खोलीतली, म्हणजे एका गावचे गिरणी कामगार मिळून राहायचे त्या खोलीतली, बारा-पंधरा माणसं तिच्याकडे जेवायची, १९८२च्या संपात तिने कित्येकांना उधारीवर जेवू घातलं, माझे वडील त्यातलेच. चाळीसहून जास्त वर्षं ती त्याच खोलीत आहे, पण खोली तिची नाही, मूळ भाडेकरू केव्हाच डोंबिवलीला गेला आणि ती त्याला दर महिन्याला हातात पैसे देत आली. करार नाही, पावती नाही, लाइटचं बिलसुद्धा त्याच्या नावाचं. नवा फ्लॅट त्यालाच मिळणार. तो वाईट माणूस नाही, कागद त्याच्या बाजूने आहे एवढंच. ग्रुपवर अडीचशे लोक आहेत, पाचशे फूट कमी की जास्त यावर रोज भांडतात, मावशीच्या हातची भाकरी त्यातल्या निम्म्यांनी तरी खाल्ली असेल, तिचं नाव मी अजून एकदाही वाचलं नाही.

परवा भावाला फोन केला तर तो म्हणाला, यादी लागली, आपलं नाव आहे. मी विचारलं, मावशी कुठे जाणार? तो म्हणाला, काही बोलत नाही गं, सकाळी उठून पीठ मळते.