दहा सेकंद श्वास रोखून काय कळतं?

घरच्या ग्रुपवर परवा तो मेसेज पुन्हा फिरला. दहा सेकंद श्वास रोखा, खोकला आला नाही तर फुप्फुसं ठणठणीत. खाली शेपूट: बिडी-सिगारेट न ओढणाऱ्याला भीती नाही, आजार असलाच तर ओठ निळे पडतात, आणि औषध ओढायचा ‘पंप’ (इनहेलर) घेऊ नका, सवय लागते.

दहा सेकंदांची भानगड 2020 मधली, करोनातली. जागतिक आरोग्य संघटनेने तेव्हाच ती खोडून काढली होती. सीओपीडीत, म्हणजे श्वासनळ्या कायमच्या अरुंद होण्याच्या फुप्फुसाच्या जुनाट आजारात, खरी अडचण श्वास सोडताना येते. नळ्या अरुंद होतात, हवा आत कोंडते. म्हणून माणूस चहावर फुंकर घालावी तसे ओठ करून श्वास सोडतो. आमची मावशी जिना चढून आली की दोन्ही हात टेबलावर रेटून उभी राहायची. मानेचे स्नायू ताठ, एका वाक्याचे तीन तुकडे. आम्ही म्हणायचो, वय झालं! आणि बसल्या जागी श्वास रोखायला सांगितलं, तर दहा सेकंद तिने सहज काढले.

बिडीला ती कधी शिवली नाही. जन्म चुलीपुढे गेला. पुण्याचे डॉ. संदीप साळवी आणि लंडनचे पीटर बार्न्स या फुप्फुसतज्ज्ञांनी 2009 मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात मांडलं होतं, की सीओपीडीच्या 25 ते 45 टक्के रुग्णांनी कधीच धूम्रपान केलेलं नसतं.

ओठ निळे पडतात ते फार उशिरा. अंगात रक्त कमी असेल तर पडतही नाहीत. सावळ्या माणसाची जीभ बघावी. त्यापेक्षा नखं बघा. दोन्ही तर्जनींची नखं पाठीला पाठ लावून धरली की मुळाशी शंकरपाळ्यासारखी फट दिसते. ती बुजली असेल, म्हणजे बोटांची टोकं फुगली असतील, तर डॉक्टर गाठा. नुसत्या सीओपीडीने बोटांची टोकं फुगत नाहीत, मागे फायब्रोसिस (फुप्फुस कडक होणं) किंवा कॅन्सर असू शकतो. मात्र फट दिसली म्हणून सुटलो असं नाही, नाहीतर हाच उद्याचा मेसेज व्हायचा.

पंपाचं म्हणाल तर नळ्या मोकळ्या करणाऱ्या साल्ब्युटामॉल या औषधाची गोळी 4 मिलिग्रॅमची, पंपाचा एक फवारा 100 मायक्रोग्रॅमचा. चाळिसावा हिस्सा, तोही थेट नळ्यांत. त्याचं व्यसन लागत नाही. तो वरचेवर लागू लागला, तर आजार आटोक्यात नाही एवढंच समजायचं.

निदान स्पायरोमेट्रीने होतं. छाती भरून श्वास घ्यायचा आणि नळीत जीव तोडून फुंकायचं. पंप देऊन पुन्हा फुंकल्यावरही एकूण हवेच्या 70 टक्के तरी पहिल्या सेकंदात बाहेर यायला हवी. मावशीची निम्मीसुद्धा आली नाही.