हात पुरणार नाही म्हणे!

आज डोकं फिरलंय, म्हणून लिहितेय. पोस्ट लांबणार आहे, कंटाळा आला तर सरळ पुढे जा.

दुपारी भाची शाळेतून आली ती नाक ओढतच. बँडची निवड होती. हिला ट्रॉम्बोन हवा होता, तोच तो, दांडा पुढेमागे सरकवत वाजवायचा. सर म्हणाले, "तुझा हात पुरणार नाही बाळा, मुलांचं काम आहे ते. तू ट्रँगल घे."

ट्रँगल! म्हणजे अख्ख्या गाण्यात चार वेळा टिंग करायचं आणि फोटोत कडेला उभं राहायचं.

मी सातवीत असताना २६ जानेवारीला मला ढोल वाजवायचा होता. महिनाभर मागच्या अंगणात आईचा रॉकेलचा डबा बडवून तयारी केली होती. सरांनी हात धरून मला रांगेत ढकललं. "मुलींनी लेझीम." विषय संपला.

आता मेल्बा लिस्टन, जॅझ संगीतातली ट्रॉम्बोनवाली. तुमच्यातल्या निम्म्यांनी नाव ऐकलं नसेल. मीही चाळिशी उलटेपर्यंत ऐकलं नव्हतं. १९२६ साली अमेरिकेत कॅन्सस सिटीत जन्मलेली कृष्णवर्णीय मुलगी. सातव्या वर्षी ट्रॉम्बोन बघितला, आवडला, घरच्यांनी घेऊन दिला. हात? नव्हताच पुरत! दांड्याच्या सात जागा असतात, शेवटच्या दोन तिच्या आवाक्याबाहेर. मग मान वाकडी करून पोचायची. आजोबा शेजारी बसून मदत करायचे. तिला कोणी ट्रँगल दिला नाही.

सतराव्या वर्षी जेराल्ड विल्सनच्या जॅझ बँडमध्ये. १९४९ मध्ये जॅझ गायिका बिली हॉलिडेबरोबर अमेरिकेच्या दक्षिणेचा दौरा. त्या काळात, काळ्यांना वेगळं बसवणाऱ्या त्या भागात, काळ्या कलाकारांचा बँड! दौरा इतका वाईट गेला की पोरीने वाद्यच बाजूला ठेवलं आणि शिक्षण खात्यात कारकुनी धरली. मधूनमधून सिनेमात एक्स्ट्राची कामं. तिथे तिच्या हातात काय दिलं माहितीये? हार्प, ते तारांचं नाजूक वाद्य. हसू की रडू?

(माझा डबा आईने नंतर भंगारवाल्याला दिला. उगाच आठवलं.)

१९५६ मध्ये ट्रम्पेट वाजवणाऱ्या डिझी गिलेस्पीने तिला आपल्या बँडमध्ये बोलावून घेतलं. अमेरिकी सरकारने त्याच्या बँडला परदेश दौऱ्यावर धाडलं होतं, कराचीलाही आले होते ते. बँडमधले पुरुष कुरकुरले, ट्रॉम्बोनवाली बाई एवढ्या लांबून कशाला आणलीस? डिझी काही बोलला नाही. तिने लिहिलेल्या अरेंजमेंटचे, म्हणजे कुठल्या वाद्याने कधी काय वाजवायचं त्याचे, कागद वाटले आणि म्हणाला, वाजवा. सुरुवातीलाच सगळे अडखळले. ही गोष्ट तिनेच सांगितलेली. मी किती वेळा वाचली असेल, अजून गुदगुल्या होतात.

हो, डिझी पुरुषच, आजोबाही पुरुषच. मान्य. आणि आता ढोलपथकांत मुली असतात, तेही मान्य. कमेंटमध्ये सांगायला येऊ नका.

पण ती वाजवायची त्याहून जास्त लिहायची. पियानोवाल्या रँडी वेस्टनच्या कितीतरी रेकॉर्ड्सची अरेंजमेंट तिची, १९६० ची 'उहुरू आफ्रिका'सुद्धा. नाव मोठं कोणाचं छापलं? मी सांगायला हवं का? स्वतःच्या नावावर अख्खी रेकॉर्ड एकच, तीही ट्रॉम्बोनवाल्यांचा ताफा घेऊन. पुढे जमैकात जाऊन वर्षानुवर्षं पोरांना शिकवलं.

१९८५ मध्ये स्ट्रोक आला. वाजवणं कायमचं सुटलं. ज्या हाताने सातव्या वर्षी सातवी जागा गाठली, तो गेला. तर बाई कॉम्प्युटर शिकली आणि त्यावर पुन्हा अरेंजमेंट लिहायला लागली. १९९९ मध्ये गेली.

हे टाइप करता करता राग उतरला, खोटं कशाला बोलू. सर वाईट नाहीत. शाळेकडे ट्रॉम्बोन दोनच आहेत आणि मुलं पाच. पण मग पाचही जणांना वाजवून बघू द्या ना! माझ्या सरांनी एकदा तरी मला ढोलावर टिपरू मारू द्यायचं होतं. वाईट वाजवला असता तर मीच गेले असते लेझमीकडे.

उद्या अकराला शाळेत जातेय. आवाज चढवायचा नाही अशी ताईने शपथ घातलीय, बघू.

भाचीला मेल्बाची गोष्ट सांगितली. तेव्हापासून बाईसाहेब हॉलमध्ये झाडूचा दांडा तोंडाशी धरून, मान वाकडी करून, हात ताणतायत. "मावशी, बघ ना, टीव्हीपर्यंत पोचला!"