गडगा राहू द्या

काल मिऱ्यात आमच्या घरापासून दोन घरं सोडून आणखी एक गडगा, म्हणजे दगडी कुंपण, पडला. जेसीबी आला, अर्ध्या तासात सगळा आडवा, जांभ्याचे धोंडे डंपरमध्ये भरून शेजारच्या मळ्यात नेऊन टाकले पण. आता तिथे सात फुटी कंपाउंड वॉल होणारे म्हणे, वर काचा लावून. घर विकणारे आमच्याच वाडीतले, पोरं मुंबईला सेटल, म्हाताऱ्यांना इथे बघणारं कोणी नाही, त्यांना मी दोष देत नाही. घेणाऱ्यालाही नाही, त्याने पैसे मोजलेत. पण रात्रभर झोप लागली नाही म्हणून हे लिहितोय, जरा लांबेल, वाचा.

ज्यांना मिऱ्या माहीत नाही त्यांच्यासाठी. रत्नागिरीत मांडवीची वाळू काळी म्हणून तो काळा समुद्र, पलीकडचा तो पांढरा समुद्र. तो सोडून मुरुगवाडा, पंधरामाड करत पुढे या, समुद्रात घुसलेला डोंगर दिसेल, तो मिऱ्या. कागदोपत्री गाव, पण शाळा, दवाखाना, नोकरी, बाजार सगळं शहरात, त्यामुळे आता रत्नागिरीचं उपनगरच म्हणतात. मिऱ्या-नागपूर हायवे ऐकला असेल ना, कोल्हापूर, सांगली, सोलापूर करत जातो तो, त्याच्या नावातला मिऱ्या हाच. रस्ता चौपदरी व्हायला लागला तशी जमिनींना गिऱ्हाईकं यायला लागली. 'सी व्ह्यू प्लॉट' ही पाटी मी लहानपणी कधी बघितली नव्हती, आता शाळेकडे जाताना तीन लागतात.

आता गडगा. शहरातल्या लोकांना ती नुसती दगडांची रांग वाटते. सिमेंट नाही, माती नाही, धोंड्यावर धोंडा बसवत नेलेला, उंची माणसाच्या छातीपर्यंत. ही उंची महत्त्वाची. गुरं आत येऊ नयेत एवढा उंच आणि वाटी पलीकडे देता यावी एवढा बुटका. आमच्या आणि शेजारच्या काकींच्या मधल्या गडग्यावर एक सपाट धोंडा आहे, इतकी वर्षं त्यावर वाट्या ठेवून ठेवून तो गुळगुळीत झालाय. आमच्याकडून फणसाची भाजी, तिकडून कालवांचं सुकं. वाटी रिकामी परत द्यायची नाही हा आईचा नियम, काही नसलं तर चार आमसुलं टाकायची. सकाळी सातला काकी तिथे उभ्या राहून हाक मारतात, "उठलंस काय रे?" आणि मी ओ दिली नाही तर पाच मिनिटांत दारात. आई गेली त्यानंतरच्या सहा महिन्यांत ही हाक एक दिवससुद्धा चुकली नाही.

3 जून 2020, निसर्ग वादळ. त्या दिवशी बसरा स्टार नावाचं जहाज भरकटत येऊन मिऱ्याच्या बंधाऱ्याला लागलं, आतले 13 खलाशी सुखरूप उतरवले, देवाची कृपा. टीव्हीवर जहाजच दिसलं सगळ्यांना. पुढे कितीतरी महिने लोक सेल्फी काढायला यायचे. आमच्याकडे काय चाललं होतं ते कोणी दाखवलं नाही. पडवीचे पत्रे उडाले, लाइट गेली, फोन बंद, लॉकडाऊन असल्याने बाहेरून माणूस येण्याचा प्रश्नच नव्हता. तेव्हा वरच्या वाडीतली चार पोरं गडगे ओलांडत परसातून परसात खाली आली, कारण रस्त्यावर माड आडवे पडलेले. ताडपत्री, सुंभ, बॅटरी घेऊन. काकींना उचलून वरच्या घरात नेलं, त्या तिथून ओरडतायत की माझी तांदळाची कणगी भिजेल रे, मग दोघं परत जाऊन पोत्यात तांदूळ भरून घेऊन आले. सात फुटी भिंती असत्या तर ती पोरं कुठून आली असती सांगा मला.

आणि वादळ एकदाच येतं, उधाण दरवर्षी येतं. पावसाळ्यात अमावस्या-पौर्णिमेला भरतीचं पाणी बंधारा फोडून आत शिरतं, विहिरीचं पाणी मचूळ होतं, माडांच्या मुळाशी वाळू राहत नाही. बंधाऱ्याचं काम किती वर्षं ऐकतोय, टेट्रापॉड, म्हणजे लाटा अडवणारे काँक्रीटचे ठोकळे, आले, काही ठिकाणी बसले, काही ठिकाणी खचले. काम पूर्ण झालंच पाहिजे, त्याबद्दल दुमत नाही. पण रात्री दोनला पाणी चढतंय हे पहिलं कोणाला कळतं? किनाऱ्यालगत राहणाऱ्या बाईला. ती हाक मारते, पुढचं घर पुढच्याला हाक मारतं. जी घरं वर्षातले अकरा महिने बंद असतात ती ही हाक पुढे कशी पोचवणार? कुलूप ओ देत नाही हो.

लोक म्हणतात मासेमारीत आता काही राहिलं नाही, विकून मोकळं व्हा. खरंय, आमच्या लहानपणी रापण, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं, लागली की जो दोरीला हात लावेल त्याला वाटा, आम्ही शाळेतली पोरंसुद्धा दप्तर वाळूत टाकून ओढायचो आणि पिशवीत चार बांगडे घेऊन घरी जायचो. 2016 ला पर्ससीनवर, म्हणजे माशांच्या थव्याला वेढा घालणाऱ्या मोठ्या जाळ्यांवर, निर्बंध आले, 2017 ला एलईडी लाइट लावून मासे पकडण्यावर बंदी आली, तरी काळोखात बाहेर समुद्रात दिवे दिसतातच. मासा कमी झाला, हे मान्य. पण त्या दोरीला हात लावणाऱ्याला वाटा, ही जी वागण्याची पद्धत आहे ना ती अजून आहे इथे. शिमग्यात आमच्या पालख्या बारा वाड्यांच्या भैरीबुवाच्या, म्हणजे रत्नागिरीच्या ग्रामदैवताच्या, भेटीला निघतात, तेव्हा बघा एकदा येऊन. पालखीला खांदा द्यायला कोण बँकेतला, कोण रिक्षावाला, कोण दुबईवरून आलेला, काय फरक पडत नाही.

जे नवीन येतायत त्यांना माझं मनापासून सांगणं आहे, या, राहा, आम्हाला शेजार हवाच आहे. बंद घरापेक्षा दिवा लागलेलं घर कधीही चांगलं. फक्त गडगा पाडू नका. सेक्युरिटीची काळजी वाटत असेल तर चावी शेजारी ठेवा, इथे सगळे ठेवतात, आमच्या घरात आत्ता तीन घरांच्या चाव्या खिळ्याला लटकतायत. परसातून जाणारी पाखाडी बंद करू नका, त्या वाटेने म्हातारी माणसं देवळात जातात. आणि जून लागायच्या आत एकदा शेजारी जाऊन आपला फोन नंबर देऊन ठेवा.

आज सकाळी त्या नवीन मालकांशी फोनवर बोललो. माणूस चांगला वाटला, पुण्याचे आहेत. म्हणाले, आम्हाला कोणी सांगितलंच नाही हो, काँट्रॅक्टर म्हणाला जुनं पाडावं लागेल. मी म्हटलं धोंडे अजून शेजारच्या मळ्यात पडलेत, गडगा रचणारे दोघं जण अजून आहेत वाडीत, सत्तरीचे आहेत पण हात चालतात. रविवारी येतो म्हणालेत बघायला. काकींना सांगितलं तर त्यांनी पहिलं काय विचारलं, "जेवायला किती माणसं?"