भूमितीकवी होण्याचा राजमार्ग

नुसता कवी होऊन आता कुणी विचारत नाही. नावाआधी विद्वत्ता हवी, ओळीओळीत चौथी मिती हवी. परवाच एक ‘अयुक्लिडीय’ (म्हणजे शाळेतल्या युक्लिडच्या भूमितीपलीकडचा) म्हणून गाजणारा कवितासंग्रह शेवटच्या पानापर्यंत वाचावा लागला. त्यातून हाती लागलेली गुरुकिल्ली होतकरूंसाठी देत आहे.

सुरुवात शब्दांपासून करा. मिती, अवकाश, वक्रता, अनंत. दर कवितेत चारही यायला हवेत. वक्रता धन की ऋण, हे मात्र सांगायचे नाही. विचारणारा अरसिक.

ओळी पायऱ्यांसारख्या उजवीकडे सरकवा. परीक्षणात ‘अवकाशभान’ हा शब्द हमखास येतो.

प्रस्तावना कवीकडूनच घ्या. गणिताच्या शिक्षकाला हस्तलिखिताचा वाससुद्धा लागू देऊ नका.

मुखपृष्ठावर मोबिअस पट्टी, म्हणजे अर्धा पीळ देऊन टोके जोडलेली एकाच बाजूची पट्टी, टाका आणि आत ‘ही कविता पट्टीवर लिहून वाचावी’ अशी टीप द्या. स्वतः करून बघू नका, कारण त्यात कष्ट आहेत. साधारण 30 सेंमी लांब, 3 सेंमी रुंद पट्टी घ्यायची, एका बाजूला एका ओळीत मजकूर लिहायचा. मग पट्टी लांब कडेवरून उलटायची, म्हणजे डावे टोक डावीकडेच राहते, आणि तिथूनच पुढचा मजकूर सुरू करायचा. शेवटी अर्धा पीळ देऊन टोके चिकटवायची. पुस्तकाचे पान उलटतो तशी उलटली, तर जोड ओलांडताच अक्षरे डोक्यावर उभी राहतात. संग्रहातल्या छापील पट्टीत तेच झाले आहे. अर्थात त्याला ‘अस्तित्वाची उलथापालथ’ म्हणता येते, तेव्हा काळजी नसावी.

आता हुकमी एक्का: ‘समांतर रेषा अनंतात भेटतात, हे लोबाचेव्हस्कीने सिद्ध केले.’ प्रेम, विरह, फाळणी, काहीही असो, ही ओळ चालते. संग्रहात ती तीन ठिकाणी आहे. ती खोटी आहे, पण तुमचे काय जाते? अनंतातला बिंदू कल्पून समांतर रेषांची गाठ घालून देते ती प्रक्षेपीय भूमिती. तिची मुळे चित्रकारांच्या यथार्थदर्शनात (दूरचे लहान दाखवण्याच्या पद्धतीत) आहेत आणि ती लोबाचेव्हस्कीच्या आधीची आहे. लोबाचेव्हस्की या रशियन गणितज्ञाने 1829 मध्ये आणि बोल्याय या हंगेरियन गणितज्ञाने 1832 मध्ये मांडली ती अयुक्लिडीय भूमिती वेगळीच. तिथे रेषेबाहेरच्या एका बिंदूतून तिला कधीच न छेदणाऱ्या अगणित रेषा जातात. त्यांतल्या फक्त दोन, सीमेवरच्या, आपापल्या दिशेने मूळ रेषेच्या जवळ जवळ जात राहतात, पण टेकत नाहीत. उरलेल्या साऱ्या दुरावत जातात. अहो, विरहाची कविताच करायची होती ना? मग ही दुरावणारी गर्दी आणि कधीच न टेकणाऱ्या त्या दोघी समोर असताना ‘भेटतात’ कशाला लिहिता? त्याच भूमितीत त्रिकोणाचे कोन 180 अंशांपेक्षा कमी भरतात, आणि तूट क्षेत्रफळाच्या प्रमाणात वाढते. म्हणून तिथे त्रिकोणाची छोटी प्रतिकृती करताच येत नाही. आकार लहान केला की कोन बदलतात. इतके देखणे सत्य आयते पडलेले असताना तुम्ही त्यावरून उडी मारून पुन्हा ‘अनंत’ लिहिता.

टेसरॅक्टवर, म्हणजे चौथ्या मितीतल्या घनावर, कविता हवीच. 16 ओळी लिहा, झाले. 16 कोपरे मोजले, 32 कडांचे कोण विचारतो!

आणि वृत्त? छे, ते जुनाट. तरी मलपृष्ठावर ‘भुजंगप्रयाताची नवी भूमिती’ असे छापायचेच, मग आतल्या ओळी 13 अक्षरांच्या का असेनात.

पुरे झाले, अयुक्लिडीय कवी. भुजंगप्रयात म्हणजे चार यगण (लघु-गुरु-गुरु असे तीन-तीन अक्षरांचे गट), 12 अक्षरे. ती बोटांवर मोजता येतात, आणि तुम्हाला तेवढेही करावेसे वाटले नाही. भूमिती आणि छंद यांची सांगड घालायला परग्रहावर जावे लागत नाही. तीन-तीन लघु-गुरूंचे आठ गण म्हणजे घनाचे आठ कोपरे. एकाच अक्षराने वेगळे असलेले गण जोडा: यगणापासून कडा निघतात त्या मगण, जगण आणि सगण यांच्याकडे, मगण (तिन्ही गुरू) आणि नगण (तिन्ही लघू) समोरासमोरच्या टोकांना. चार अक्षरांचा प्रस्तार, म्हणजे लघु-गुरूंच्या साऱ्या शक्य रचना, मांडा, 16 रचना येतात, आणि त्याच रीतीने जोडल्या की नेमक्या 32 कडा. हा तुमचा टेसरॅक्ट. कागद आणि पेन्सिल घेऊन बसलात तर तासाभराचे काम.

भास्कराचार्यांनी 1150 च्या ‘लीलावती’त वर्तुळाचा परीघ ‘भनन्दाग्नि’ आणि ‘खबाणसूर्य’ अशा शब्दांत बसवला. नक्षत्रे 27, नंद 9, अग्नी 3, उजवीकडून मांडले की 3927. आकाश 0, बाण 5, सूर्य 12, म्हणजे 1250. पहिल्याला दुसऱ्याने भागून बघा, 3.1416 येते, म्हणजेच पाय (π), परीघ आणि व्यास यांचे गुणोत्तर. आणि चरण 11 अक्षरांचा, एकही लघु-गुरू ढळलेला नाही. ते दोन्ही जाणत होते. तुम्ही गणितवाल्यांना कवितेचा धाक घालता, कवितावाल्यांना गणिताचा, आणि दोघेही गप्प बसतात म्हणून तुमचे फावते. दुसरी आवृत्ती निघते आहे म्हणे. निदान लोबाचेव्हस्कीचे नाव त्या तीन ओळींतून काढा, पट्टी नीट छापा आणि तेराव्या अक्षराचे काय ते बघा.