त्रिकालऊर्जालेखक: घरच्या घरी, सव्वा तासात

आपल्या फ्लॅटमध्ये कोणत्या काळातली कोणती शक्ती वावरते, हे दाखवणारं यंत्र ठाण्यात हल्ली कुणाकडे नसेल तर ते तुमच्याकडे असायला हवं. दुसऱ्याने आधी बनवलं तर त्याच्याकडूनच तपासून घ्यावं लागेल आणि फी तुम्हाला द्यावी लागेल.

साहित्य: तीन बीसी 547 ट्रान्झिस्टर, एक लाल एलईडी, 1 मेगाओहम, 100 किलोओहम आणि 220 ओहमचे रेझिस्टर, 9 व्होल्टची चौकोनी बॅटरी, वीतभर तांब्याची तार. ट्रान्झिस्टरला तीन पाय असतात: एमिटर, बेस, कलेक्टर. पहिल्याचा एमिटर दुसऱ्याच्या बेसला, दुसऱ्याचा तिसऱ्याच्या. कलेक्टरना याच क्रमाने रेझिस्टर, शेवटच्यासोबत एलईडी. तार पहिल्याच्या बेसला डकवा. झालं. ही तार भिंतीजवळ नेली की आत वायरिंग असेल तिथे दिवा पेटतो, कारण 50 हर्ट्झचा प्रवाह हवेतूनच तारेला हलकासा धक्का देतो आणि तीन ट्रान्झिस्टर तो फुगवतात. दिवा सेकंदाला 50 वेळा मिचकावतो, डोळ्याला मात्र अखंड ज्योत दिसते. हे वाक्य ग्राहकासमोर उच्चारू नये.

पेटी मात्र सागवानीच हवी. प्लास्टिकच्या डब्यात पूर्वज येत नाहीत.

जागेची निवड महत्त्वाची. कुलाब्याच्या वेधशाळेतले लोक चुंबकीय क्षेत्र मोजायचे ते डोळ्यांनी काटा वाचून, दर तासाला, आणि वादळ असेल तर दर काही मिनिटांनी. सप्टेंबर 1859 च्या सौरवादळात तिथे सुमारे 1,600 नॅनोटेस्लाची (हे चुंबकीय क्षेत्राचं माप) घसरण नोंदली गेली. पुढे मुंबईत विजेच्या ट्राम येणार म्हटल्यावर, त्यांच्या विजेने नोंदी बिघडू नयेत म्हणून ते काम 1904 मध्ये अलिबागला नेलं. केवढा हा भित्रेपणा! तुम्ही उलट करा. घोडबंदर रोडच्या टॉवरमध्ये लिफ्टच्या मोटारीला लागून असलेली बेडरूम पकडा. तिथे दिवा विझतच नाही.

आता काळ. पेटीवर एक गोल बटण बसवा, त्याभोवती सन लिहा. आत ते कशालाही जोडायचं नाही, पण फिरताना टिकटिक व्हायला हवी. नौपाड्यात 1853 वर न्या: 16 एप्रिलला बोरीबंदरहून पहिली आगगाडी ठाण्यात आली, हे तिथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं, त्यामुळे "इथे लोखंडी कंप आहे" म्हटलं की सगळे माना डोलावतात. तुरुंगाजवळ फ्लॅट असेल तर 1737. मराठ्यांनी ठाण्याचा किल्ला घेतला ते साल, आणि किल्ला म्हणजेच आजचं कारागृह. शौर्याची ऊर्जा सांगा, कैद्यांची नको. त्या फ्लॅटचा भाव पडतो आणि तुमच्या फीचाही.

नवी मुंबईत जरा जपून. हे शहर वसवणारी सरकारी कंपनी सिडको 1970 ची. बटण त्याच्या मागे गेलं की कित्येक सेक्टरांच्या जागी भातशेती, मिठागर नाहीतर खाडीचा चिखल लागतो, आणि ज्याने चाळीस लाखांचं कर्ज काढलंय त्याला आपला हॉल गाळात दिसलेला आवडत नाही. वाशीत थेट भविष्य दाखवा. ते तपासता येत नाही.

बिघाड दोनच. जुलैत पेटीतल्या ओलाव्याने सोल्डरच्या टोकांमधून प्रवाह पाझरतो आणि दिवा कायम पेटलेला राहतो. नेलपॉलिशचा थर देऊन रात्रभर वाळवा. दुसरा, वीज जाते. दिवा मालवला की "शक्तीला झोप लागली" म्हणून मोकळं व्हा आणि इन्व्हर्टरवरच्या खोलीकडे सरका, तिथे ती जागी असते.

घरात इंजिनिअरिंगला असलेला मुलगा निघाला तर तो हमखास मेन स्विच खाली पाडेल आणि विजयी चेहऱ्याने बघेल. घाबरू नका. यंत्र शेजारच्या फ्लॅटला लागून असलेल्या भिंतीवर न्या, पलीकडची वायरिंग चालूच असते. दिवा पेटला की आवाज खाली आणून म्हणा, "तुमच्याकडची पळून जोशी काकूंकडे गेली." मग काकूंची बेल वाजवा.