चेहरा न दाखवलेला डाकू

इटालियन दिग्दर्शक फ्रांचेस्को रोझी यांचे नाव निघाले की 'राजकीय चित्रपटांचे दिग्दर्शक' असा शिक्का लगेच मारला जातो, आणि तो मला नेहमीच अपुरा वाटत आला आहे. राजकीय भूमिका मांडणारे चित्रपट अनेकांनी काढले. रोझी यांनी मात्र पडद्यावर तपास मांडला आणि पुरावा जिथे संपतो तिथे थांबण्याचे धाडस दाखवले.

१९२२ मध्ये नेपल्सला जन्मलेल्या रोझी यांनी दिग्दर्शक लुकिनो विस्कोंती यांचे सहायक म्हणून सिसिलीतल्या खऱ्याखुऱ्या कोळ्यांबरोबर काम केले होते. ती शिदोरी १९६२ च्या 'साल्वातोरे जुलियानो'मध्ये दिसते. सिसिलीतल्या या डाकूवरचा चित्रपट सुरू होतो तो अंगणात पालथ्या पडलेल्या त्याच्या प्रेतापासून, आणि पुढे जिवंत जुलियानो दिसतो तो बहुतेक दुरूनच, पांढऱ्या कोटातला. त्याला नायक करायचा नाही आणि खलनायकही नाही, हे त्या अंतरातूनच ठरते. १ मे १९४७ रोजी पोर्तेल्ला देल्ला जिनेस्त्रा येथे जमलेल्या शेतकऱ्यांवर त्याच्या टोळीने गोळीबार केला, अकरा जण मेले. पण त्यामागचा हुकूम कोणाचा, हे चित्रपट सांगत नाही, कारण न्यायालयातही ते सिद्ध झाले नव्हते.

तरीही मला विचाराल तर रोझी यांचे शिखर म्हणजे पुढच्याच वर्षीचा, व्हेनिस चित्रपट महोत्सवात सुवर्णसिंह हा सर्वोच्च पुरस्कार मिळवणारा 'ले मानी सुल्ला चित्ता', म्हणजे 'शहरावरचे हात'. नेपल्समध्ये एक जुनी इमारत कोसळते. शेजारचे बांधकाम ज्याचे, तो बिल्डर स्वतःच नगरसेवक आहे. चौकशी समिती नेमली जाते, कागदपत्रे तपासली जातात आणि प्रत्येक खात्याचा कागद नियमात बसतो. (चौकशी मागणाऱ्या विरोधी नगरसेवकाची भूमिका नेपल्सच्या एका प्रत्यक्षातल्या कम्युनिस्ट नगरसेवकाने, कार्लो फेर्मारिएल्लो यांनी केली आहे, त्यांच्या बोलण्यातला संताप अभिनयाचा वाटतच नाही.) शेवटी हा बिल्डर तुरुंगात जात नाही, गट बदलून तो हवे ते पद मिळवतो.

नंतरच्या 'कारमेन'मध्ये (१९८४) देखणेपण आहे, पण ती बोच नाही. उत्तरार्धातला 'त्रे फ्रातेल्ली' (१९८१) मात्र मी कधीही पुन्हा पाहीन: आईच्या अंत्यविधीसाठी दक्षिणेतल्या गावी परतलेले तीन भाऊ, आणि त्यांच्यापैकी न्यायाधीश असलेल्याच्या मनात घर करून बसलेली दहशतवाद्यांची भीती.

तपास मांडण्याच्या या पद्धतीची किंमत सर्वांत ठळकपणे जाणवते ती 'इल काझो मात्तेई'च्या, म्हणजे 'मात्तेई प्रकरणा'च्या (१९७२) वेळी. सरकारी तेल कंपनीचे प्रमुख एन्रिको मात्तेई १९६२ मध्ये विमान कोसळून मरण पावले. त्यांच्या सिसिलीतल्या शेवटच्या दिवसांची माहिती जमवण्याचे काम रोझी यांनी पालेर्मोचे पत्रकार माउरो दे माउरो यांच्याकडे सोपवले होते. सप्टेंबर १९७० मध्ये दे माउरो यांचे घराजवळून अपहरण झाले आणि ते पुन्हा कधीच सापडले नाहीत. रोझी यांनी ते बेपत्ता होणेही चित्रपटात घेतले, आणि त्या शोधात स्वतः पडद्यावर उभे राहिले.