ऋषीमुनी, एकांत आणि आमचे सर: एका काकांना उत्तर

काका, नमस्कार. गेल्या लेखात मी लिहिलं होतं, की ग्रंथ लिहायला दार लावून एकटे बसलेल्या आमच्या सरांना तो एकांतच बाधला. त्यावरून तुम्ही मला चांगलंच झापलंत. 'ज्ञानसाधनेला एकांत लागतोच, ऋषीमुनींना कधी डिप्रेशन आलं नाही, सरांचा ग्रंथ पुरा झाला असता तर तुम्हीच हार घेऊन गेला असता.'

हाराचं आधी. दार लावून घेतल्यानंतर सुरुवातीची सरांची टिपणांची कार्डं दृष्ट लागावी अशी आहेत: तारीख, ओवी, पाठभेद, सगळं जागच्या जागी. शेवटच्या खोक्यात तारखा नाहीत, एकाच ओवीवरची तीच टीप कार्डामागून कार्ड. दूधवाल्याला पिशवी कडीला अडकवून जा म्हणायचे आणि कुणीतरी तिला टाचणी मारलीय म्हणून दूध मोरीत ओतायचे. याला साधना म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

ऋषींचं मला माहीत नाही, पण आपल्या नाशिकच्या पांडवलेण्यांत, बौद्ध भिक्खूंच्या जुन्या विहारांत, जाऊन या. मधे दालन, तीन बाजूंना खोल्या. खोलीत एकटं, दाराबाहेर सगळे. 10 नंबरच्या लेण्यात उषवदाताचा, म्हणजे नहपान राजाच्या जावयाचा, लेख आहे: वर्षावासाला (पावसाळ्यातल्या मुक्कामाला) राहणाऱ्या 20 भिक्खूंच्या चीवरांसाठी, म्हणजे वस्त्रांसाठी, गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणीकडे (संघाकडे) ठेव ठेवलेली. म्हणजे अंगावरच्या कपड्यापर्यंत गावाशी व्यवहार होता!

'मन खंबीर हवं' म्हणता, तर मिशेल सिफ्र घ्या. फ्रेंच भूवैज्ञानिक, 1962 मध्ये घड्याळाशिवाय दोन महिने गुहेत एकटा. बाहेर आला 14 सप्टेंबरला. त्याच्या हिशेबाने 20 ऑगस्ट. सेकंदाला एक असे 120 आकडे मोजायला त्याला पाच मिनिटं लागली, आणि आपण बरोबर मोजतोय अशी त्याची समजूत. दहा वर्षांनी टेक्ससच्या गुहेत सहा महिने काढताना इतका खचला, की एका उंदराशी दोस्ती करायला धडपडला. पकडायला गेला आणि भांड्याखाली उंदीर चिरडला.

उंदरापेक्षा मला ती पाच मिनिटं जास्त घाबरवतात. सिफ्रकडे गुहेतून वर बोलायला फोन होता, त्याच्या दुसऱ्या टोकाला घड्याळवाली माणसं तरी होती. सर सावानात (सार्वजनिक वाचनालयात) रोज यायचे, तेव्हा शेजारच्या खुर्चीतले आजोबा 'हे कालच सांगितलंत' असं तोंडावर म्हणायचे. पुढे तसं म्हणणारं कुणी उरलं नाही.



तुम्हीही वर्षभर घरात बसून शब्दकोशाचं काम करताय असं लिहिलंत. जरूर करा. फक्त 'क'चे शब्द झाले की वही घेऊन रविवारी सकाळी सावानात या. मी असतो. चुका काढायला मला आवडतं, हे तुम्हाला एव्हाना कळलंच असेल.